कुणाच्या साक्षीनं

प्रभाकर गावंडे सरांनी दोन्ही मुलांची नावं विचार करून ठेवली होती. मुलगा विप्लव, कारण जुनं मोडल्याशिवाय नवं उभं राहत नाही. मुलगी प्रचिती, कारण स्वतःला प्रचिती आल्याशिवाय कशावरही विश्वास ठेवायचा नाही. त्यांच्या घरात देव्हारा नव्हता, उपास नव्हते, पत्रिका नव्हत्या. अमरावतीच्या एका शाळेत सरांनी हयातभर विज्ञान शिकवलं आणि उरलेल्या वेळात विवेक मंडळ चालवलं. नारळातून निघणारं रक्त, आपोआप पेटणारा यज्ञ, जिभेतून आरपार गेलेला त्रिशूळ, हे सगळं ते गावोगावी स्वतः करून दाखवत आणि मग त्यामागची युक्ती उलगडून सांगत. त्यासाठी त्यांनी मारही खाल्ला होता.

मुलांची आई लवकर गेली. सरांनीच दोघांना वाढवलं. प्रचिती शाळेत असल्यापासून मंडळाच्या स्टेजवर उभी राहून तळहातावर कापूर जाळायची. गर्दी श्वास रोखून बघायची, पण तिचं लक्ष विंगेत उभ्या असलेल्या बाबांकडे असायचं. आता तिशी ओलांडल्यावर ती एका महाविद्यालयात जीवशास्त्राची प्रयोगशाळा सांभाळत होती आणि मंडळाचे सगळे कार्यक्रम तीच करत होती.

विप्लव मात्र घरात नव्हता. तो मंडळाचा सगळ्यात तडफदार वक्ता. काही वर्षांपूर्वी परतवाड्याच्या पुढे, मेळघाटाच्या पायथ्याशी असलेल्या महानुभाव पंथाच्या एका आश्रमात तो वाद घालायला म्हणून गेला. परत आला, पुन्हा गेला, आणि तिसऱ्यांदा गेला तो तिथेच राहिला. सर एवढंच म्हणाले, की माझ्या मुलाचा मेंदू धुतला गेला. त्यानंतर त्यांनी त्याचं नाव घेतलं नाही.

त्या वर्षी मंडळाला चाळीस वर्षं पूर्ण होणार होती. मोठं सभागृह ठरवून झालं होतं, आणि नेमकी तेव्हाच नागपूरच्या एका मेंदूसंशोधन केंद्रातून ती बातमी आली. माणसाचं एखादं मत त्याचं स्वतःचं आहे की दुसऱ्या कुणाकडून त्याच्यात उतरलेलं आहे, हे दाखवणारं यंत्र तिथे तयार झालं होतं. सरांनी बातमी मोठ्यानं वाचून दाखवली, मग चष्मा काढून पुन्हा एकदा वाचली. प्रचितीनं त्यांना इतकं आनंदात कितीतरी वर्षांत पाहिलं नव्हतं. श्रद्धा म्हणजे समाजानं डोक्यात भरलेला भुसा आणि विवेक म्हणजे माणसाचा स्वतःचा विचार, हे ते जन्मभर सांगत आले होते. आता ते पडद्यावर दाखवता येणार होतं.

त्यांनी तिथल्या तिथे योजना आखली. एक विवेकवादी माणूस आणि एक श्रद्धाळू माणूस, दोघांची चाचणी करायची. दोघांचं वय, शिक्षण, घर सारखं असेल तर तुलना चोख होईल.

"एकाच घरातली दोन माणसं मिळाली तर सगळ्यात उत्तम," ते खिडकीबाहेर बघत म्हणाले.

प्रचितीला कळलं. दुसऱ्या दिवशी तिनं गाडी काढली आणि परतवाड्याचा रस्ता धरला.

आश्रमाच्या अंगणात विप्लव लाकडं फोडत होता. अंगावर राखाडी कपडे, दाढी वाढलेली, खांदे पूर्वीपेक्षा रुंद. तिला बघून त्यानं कुऱ्हाड खाली ठेवली, हात जोडून तिथल्या रिवाजाप्रमाणे "दंडवत" म्हणाला, आणि लगेच नेहमीच्या वऱ्हाडीवर आला. "काहून आली वो? बाबा बरे आहेत ना?"

बाबा बरे आहेत, असं सांगून तिनं येण्याचं कारण सांगितलं. बाबांना काय सिद्ध करायचंय तेही लपवलं नाही. विप्लव बराच वेळ हसत राहिला. मग म्हणाला, की येतो. त्याची चाचणीला ना नव्हती. आपल्या डोक्यात काय आहे हे बघायला कुणाला आवडणार नाही, असं त्याचं म्हणणं.

नागपूरच्या केंद्रात डॉ. उत्पला खोब्रागडे त्यांची वाट बघत होत्या. पन्नाशीच्या, भराभर बोलणाऱ्या, बोलता बोलता समोर जो कागद सापडेल त्यावर आकृत्या काढणाऱ्या. त्यांनी दोघांना समोर बसवून सगळं समजावून सांगितलं.

एखादी आवड किंवा एखादं मत पक्कं होतं, तेव्हा मेंदूतल्या पेशींमधले सांधे घट्ट होतात, हे जुनंच ज्ञान. त्यांच्या गटाला सापडलं ते असं, की हे सांधे दोन रीतींनी घट्ट होतात. मूल एकटं खेळताना विस्तवाला हात लावतं आणि भाजतं. तो धडा त्याचा स्वतःचा. पण अमक्यांच्या घरचं पाणी प्यायचं नाही, हे तेच मूल शिकतं तेव्हा त्याचं लक्ष पाण्याकडे नसतं, आईच्या चेहऱ्याकडे असतं. आपलं माणूस आपल्यावर खूश झालं की मेंदूत आपलेपणाचं एक रसायन पाझरतं. त्या रसायनाच्या हजेरीत जो सांधा घट्ट होतो, त्याच्यावर एक बारीकसं प्रथिन चिकटून राहतं. गटानं त्याचं नाव ठेवलं साक्षी प्रथिन. कुणाच्या तरी साक्षीनं, कुणाच्या तरी पसंतीनं शिकलेल्या प्रत्येक गोष्टीवर त्याचा शिक्का असतो.

यंत्र तो शिक्का वाचायचं. नाकात एक द्रव फवारायचा. त्यातले कण मेंदूत जाऊन साक्षी प्रथिनाला धरतात. मग डोक्यावर शिरस्त्राणासारखा वाचक चढवायचा आणि कानात एकेक वाक्य ऐकवायचं. त्या वाक्याशी जोडलेले सांधे जागे होतात. शिक्का असलेले पडद्यावर पिवळे दिसतात, नसलेले जांभळे. आणि साक्ष कुणाची होती हेही शोधता येतं. ओळखीच्या माणसांचे आवाज एकामागून एक ऐकवायचे. ज्याच्या आवाजानं तेच सांधे पुन्हा उजळतात, त्याची ती साक्ष.

आधी विप्लवची चाचणी झाली. प्रचिती काचेपलीकडून पडदा बघत होती. ईश्वर आहे, हे वाक्य त्याच्या कानात गेलं आणि पडद्यावर जांभळा रंग पसरला. संध्याकाळचं आभाळ उतरावं तसा, दाट आणि सलग. पिवळं जवळजवळ काही नव्हतं. डॉक्टर खुर्चीतून उठून पडद्याजवळ गेल्या. धार्मिक माणसांत असं त्यांनी फारच क्वचित पाहिलं होतं.

बाहेर आल्यावर त्यांनी विप्लवला खोदून खोदून विचारलं. त्यानं जे सांगितलं ते प्रचितीलाही नवं होतं. आश्रमाच्या वृद्ध महंतांनी त्याला आधी ठेवून घेतलंच नव्हतं. वडिलांना दुखवून आलास, घरी जा, असं म्हणून त्यांनी त्याला परत पाठवलं होतं. वर्षभर तो आश्रमाजवळच्या गावाबाहेर एका शेडमध्ये राहिला, मजुरी केली, एकटाच विचार करत राहिला. घर तुटलं होतं आणि आश्रमानं त्याला घेतलं ते वर्ष सरल्यावर. त्याच्यावर खूश व्हायला त्या वर्षात कुणीच नव्हतं.

मग प्रचिती यंत्राखाली झोपली. विधानं सुरू झाली. चमत्कार होत नाहीत. पुराव्याशिवाय मानू नये. माणसा-माणसांत जन्मानं भेद नाही. पुरावा लपवू नये. प्रत्येक वाक्याला ती मनातल्या मनात ठामपणे हो म्हणत होती. तिला त्या हो म्हणण्याचा आनंदही होत होता. त्यानंतर आवाज आले. मैत्रिणीचा, मावशीचा, विप्लवचा. शेवटी मंडळाच्या जुन्या ध्वनिफितीतला बाबांचा.

पडद्यापाशी आली तेव्हा तिला दिसलं, की सगळं पिवळं आहे. एकूण एक वाक्य. आणि बाबांचा आवाज लागला त्या क्षणी तर पडदा मोहरीच्या शेतासारखा झाला होता.

तिला पहिल्यांदा वाटलं, की नोंदींची अदलाबदल झाली असणार. डॉक्टरांनी पुन्हा तपासून दाखवलं. मग ती खाली बसली. जन्मभर तिनं लोकांना एकच गोष्ट सांगितली होती, की दुसऱ्यानं सांगितलं म्हणून मानू नका. आणि ती स्वतः हे मानत होती, कारण ते बाबांनी सांगितलं होतं.

विप्लव तिच्या शेजारी येऊन बसला. तो जिंकल्यासारखा वागला नाही. त्याच्या पडद्यावरही इतर वाक्यांना पिवळं होतं, असं त्यानं तिला दाखवलं. समोरच्याला वादात कुठे पकडायचं, शब्द कसा टाकायचा, कुठे थांबायचं, तो सगळा भाग पिवळा होता, आणि आवाज बाबांचाच. देवाच्या बाजूनं तो बोलत होता तेही बाबांच्या पद्धतीनं.

"मग माझं असं काय आहे?" प्रचितीनं डॉक्टरांना विचारलं.

डॉक्टर तिच्यासमोर स्टूल ओढून बसल्या. "मी तुम्हाला माझं सांगते," त्या म्हणाल्या. "माझ्या आजोबांनी धर्म बदलला तेव्हा गावानं त्यांना वाळीत टाकलं, भावांनी बोलणं सोडलं. त्यांचा मेंदू या यंत्राखाली असता तर जांभळा दिसला असता. मला तीच गोष्ट मांडीवर बसून मिळाली. माझा पडदा पिवळा आहे, तुमच्यासारखाच. म्हणून काय ती गोष्ट खोटी झाली? तुम्ही आत्ता ज्या भाषेत विचार करताय, ती तरी तुमची आहे का? सगळी उसनी. उसनं म्हणजे खोटं नव्हे, प्रचिती. फक्त ते तुम्ही अजून स्वतः वापरून बघितलेलं नाही."

पिवळ्याचं जांभळं होऊ शकतं का, असं तिनं विचारलं. डॉक्टरांचा चेहरा एकदम खुलला. उंदरांमध्ये ते झालं होतं. साक्षीदार हटवला, नुसता हटवला नाही तर विरोधात उभा केला, आणि तरीही उंदरानं तीच वाट धरली, तर प्रथिन विरघळून जायचं. माणसात मात्र कुणी पाहिलं नव्हतं. तसा प्रयोग माणसावर लावताच येत नाही, असं त्या म्हणाल्या. तो आपोआप घडावा लागतो.

घरी आल्यावर प्रचितीनं दोन्ही चित्रं बाबांसमोर ठेवली आणि काहीही न गाळता सांगितलं. सर ऐकत राहिले. मग त्यांनी प्रश्न विचारायला सुरुवात केली. किती माणसांवर हे यंत्र तपासलंय, चूक होण्याचं प्रमाण काय, दुसऱ्या कुठल्या प्रयोगशाळेत हाच निकाल आलाय का. प्रश्न बरोबरच होते. पण बातमी वाचली त्या दिवशी त्यांनी यातला एकही विचारला नव्हता, हे तिच्या लक्षात आलं.

शेवटी ते म्हणाले, की कार्यक्रमातून हा भाग वगळू. लोक अर्धवट ऐकतील, बाबा-बुवांच्या हाती कोलीत मिळेल. चाळीस वर्षांचं काम एका चित्रापायी मातीत जाईल. त्यांचा आवाज चढला नव्हता. उलट थकलेला होता, आणि तोच तिला जास्त जड गेला.

ती म्हणाली, "बाबा, निकाल आपल्या बाजूनं लागला असता तर दाखवला असता ना?"

सरांनी चित्रं तिच्याकडे सरकवली. एवढंच म्हणाले, की तू हे दाखवलंस तर मला फार वाईट वाटेल. जन्मात त्यांनी तिला असं काही म्हटलं नव्हतं. तशी वेळच तिनं कधी आणली नव्हती.

त्यानंतरचे दिवस ती विचित्र अवस्थेत वावरत होती. दर थोड्या वेळानं तिला वाटायचं, की वगळावं, काय बिघडतं. पण त्याच्याच शेजारी एक वेगळी हुशारीही चढायची. परीक्षेत न शिकवलेला प्रश्न यावा आणि उत्तर आपल्याला काढता येईल असं वाटावं, तशी. बाबा काय म्हणतील हे तिला या वेळी आधीच माहीत होतं. त्यामुळे त्यांच्याकडे बघायचं कारणच उरलं नव्हतं. उरला होता फक्त प्रश्न: पुरावा गैरसोयीचा असला तर लपवायचा का? तिनं तो सगळ्या बाजूंनी उलटवून बघितला. लपवण्याच्या बाजूनं चांगली कारणं होती, ती तिनं प्रामाणिकपणे मोजली. तरी उत्तर तेच येत राहिलं.

वर्धापनदिनाला सभागृह भरलं होतं. पहिल्या रांगेत सर, त्यांच्याभोवती मंडळाचे जुने कार्यकर्ते. प्रचितीनं नेहमीचे प्रयोग केले, टाळ्या घेतल्या, आणि मग पडद्यावर दोन मेंदू दाखवले. यंत्र कसं चालतं ते सोप्या शब्दांत सांगितलं. जांभळा मेंदू आश्रमात राहणाऱ्या तिच्या भावाचा आहे आणि पिवळा तिचा आहे, हेही सांगितलं.

सभागृहात कुजबुज उठली. मागून कुणीतरी ओरडलं, की यंत्र खोटं आहे. दुसरा म्हणाला, मुलगी फितूर झाली. सर उठले. त्यांनी स्टेजकडे बघितलंही नाही. मधल्या वाटेनं हळूहळू चालत ते दाराबाहेर गेले. प्रचितीनं माइक दोन्ही हातांनी धरला.

"चमत्कार होत नाहीत, हे मी आजही मानते," ती म्हणाली. "पण ते मी कुणामुळे मानते हे आता मला माहीत आहे. तुम्ही इथे बसलेले सगळे कुणाच्या तरी तोंडाकडे बघून काहीतरी शिकला आहात. देव मानणारेही आणि न मानणारेही. लोकांना आपण म्हणतो, तपासून बघा. मग सुरुवात आपल्यापासून करायला काय हरकत आहे?"

टाळ्या फार पडल्या नाहीत. पण कार्यक्रम संपल्यावर लोक जाईनात. तरुण पोरी तिच्याभोवती गोळा झाल्या. कुणी लग्नाबद्दल विचारत होती, कुणी जातीबद्दल, कुणी आपल्याला इंजिनियरच का व्हायचंय याबद्दल. सगळ्यांना त्या यंत्राखाली झोपायचं होतं. मंडळाच्या सभेत इतके प्रश्न तिनं कधी ऐकले नव्हते.

घरी सर तिच्याशी जेवणखाणापुरतंच बोलत होते. अशात नागपूरहून डॉक्टरांचा फोन आला. कार्यक्रमात काय झालं ते त्यांच्या कानावर गेलं होतं. पुन्हा चाचणी कराल का, असं विचारताना त्यांचा आवाज जेमतेम ताब्यात होता.

प्रचिती गेली. तीच वाक्यं, तोच क्रम. चमत्कार होत नाहीत: पिवळं. जन्मानं भेद नाही: पिवळं. मग पुरावा लपवू नये हे वाक्य आलं, आणि काचेपलीकडे खुर्ची पडल्याचा आवाज झाला. डॉक्टर दार उघडून आत आल्या. चाचणी चालू असताना आत यायचं नाही, हा त्यांचाच नियम होता.

पिवळ्या शेताच्या मधोमध एक जांभळा पट्टा होता. बाबांचा आवाज ऐकवला तरी तो उजळला नाही. वाक्य तेच होतं, शब्द बाबांचेच होते, पण आता ते तिचं होतं. माणसात हे पहिल्यांदाच दिसत होतं. डॉक्टर तिचे दोन्ही हात धरून हसत होत्या आणि प्रचितीच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

तिनं घरी येऊन सांगितलं तेव्हा सरांनी चित्र हातात घेतलं. खिडकीपाशी नेऊन उजेडात धरलं. बराच वेळ त्या पट्ट्यावरून नजर फिरवत राहिले. मग म्हणाले, "माझी चाचणी करतील का गं त्या?"

सरांचा मेंदू, अपेक्षेप्रमाणे, जांभळा निघाला. त्यांचे वडील अंगात आणणारे भगत होते. त्यांच्याविरुद्ध उभं राहून सरांनी एकेक विचार कमावला होता. पडदा बघून सर समाधानानं मान हलवत होते. डॉक्टरांनी मात्र यादीत नसलेलं एक वाक्य शेवटी ऐकवलं होतं, त्यांची परवानगी घेऊन: मुलाला जाऊन भेटावं. तिथे ताजा, कोवळा पिवळा रंग उमटला होता. सरांनी विचारलं, साक्ष कुणाची. डॉक्टरांनी प्रचितीचा आवाज लावला आणि पिवळा ठिपका दिव्यासारखा पेटला.

सत्तरीत सरांच्या डोक्यात कुणीतरी काहीतरी भरलं होतं, आणि ते त्यांच्या मुलीनं.

"चला," ते उठून म्हणाले. "लगेच निघालो तर दुपारपर्यंत पोचू."

आश्रमात विप्लव विहिरीवर होता. त्यानं बाबांना बघितलं, हातातला दोर सोडला. हात जोडले. सर पुढे झाले. त्यांनी त्याचा खांदा दाबून बघितला, तब्येत चांगली आहे असं म्हणाले, आणि सुटलेला दोर पुन्हा त्याच्या हातात दिला.

निंबाखाली भाकरी-वरण वाढलं गेलं आणि दुसऱ्या घासाला सरांनी विचारलं, की तुझा ईश्वर मूर्तीत नाही म्हणतोस, मग आहे कुठे. विप्लवनं उत्तर दिलं. सरांनी ते उलटवलं. दोघांचे हात हवेत फिरू लागले, भाकरी ताटात तशीच राहिली. आश्रमातली माणसं कौतुकानं बघत उभी राहिली. सरांच्या चेहऱ्यावर अनेक वर्षांत न दिसलेलं तेज आलं होतं.

"प्रचिती, तूच सांग याला," सर म्हणाले.

"हो, सांग ना," विप्लव म्हणाला.

प्रचितीनं पाण्याचा घोट घेतला. दोघांचंही म्हणणं तिनं नीट ऐकलं होतं.

"मला वाटतं, तुम्ही दोघंही चुकताय," ती म्हणाली, आणि ते कसं हे सांगायला तिनं ताट बाजूला सारलं.